वारूबाईचे मालक

हुरडा आला की मला वारूबाई आठवते. रशियातल्या एका नटीचा आणि सोलापूरच्या हुरड्याचा संबंध काय, असं कुणी विचारलं तर मी त्याला आधी समोर बसवते, हातावर गरम चोळलेला हुरडा ठेवते, वर शेंगाचटणी भुरभुरते आणि मग सांगायला लागते. एरवी मी मोजकं बोलणारी बाई आहे, असा निदान माझा समज आहे. पण या एका विषयावर मला कुणी आवरू शकत नाही.

यंदा तर विचारूच नका. ज्वारी हुरड्यात आली, कुंभारीच्या वाटेला शेताशेतांतून आगट्यांचा धूर निघायला लागला, आणि मी, साठी उलटलेली, टपाल खात्यातून हारतुरे घेऊन घरी बसलेली बाई, स्कूटर पळवत लक्ष्मीअक्काकडे निघाले होते. माझ्या पर्समधल्या मोबाइलमध्ये वारूबाई होती. अख्खीच्या अख्खी! शाळकरी वयात पाहिलेली, पुन्हा कधी दिसेल असं स्वप्नातही न वाटलेली वारूबाई. वाटेत गतिरोधक आला की मी पर्सवर हात ठेवत होते, जणू तिला हिसका बसेल.

घाईला कारण होतं. लक्ष्मीअक्का आमच्या जुन्या घराच्या समोर राहायची. आता ती ऐंशीच्या घरात आहे आणि कुंभारीला विडी कामगारांच्या वसाहतीत नातीजवळ असते. आयुष्यभर विड्या वळल्या, तंबाखूची धूळ खाल्ली, आणि या दिवाळीनंतर गळ्यात गाठ निघाली. नात स्वप्ना नर्सिंग शिकते, म्हणून तिनं वेळेवर दवाखान्यात हलवलं. डॉक्टर म्हणाले, संक्रांत झाली की ऑपरेशन करून टाकू, जीव वाचेल, आवाजाचं मात्र मी काही सांगत नाही.

मी भेटायला गेले तेव्हा अक्का उन्हात बसून पानं कापत होती. नजर कमी झाली तरी कात्री बरोबर फिरत होती.

“सुधा, आपरेशनला मी भ्यायले न्हाय बग,” ती म्हणाली. “कापू दे की त्याला काय कापायचं ते. पन आवाज जायच्या आदी मला वारूबाई एकदा सांगायची हाय. सगळ्या बायांना बशिवून. पडद्यावर. तू कायतरी कर.”

आता हे “वारूबाई सांगणं” म्हणजे काय, ते कळायला मला तुम्हाला पन्नासेक वर्षं मागं न्यावं लागेल. चला, बसा.

आमचं घर सोलापूरच्या पूर्व भागात, विणकरांच्या पेठेत होतं. एका भिंतीपलीकडे मागाची खटखट आणि दुसऱ्या भिंतीपलीकडे तेलुगू भांडण, या दोन आवाजांवर आमची पिढी पोसली. मिलचा भोंगा झाला की वडील निघायचे, आणि भोंग्याच्या खालोखाल पेठेत मान होता तो अक्काच्या आवाजाला. ती दारात बसून विड्या वळायची आणि चौकातल्या पाणी भरणाऱ्या बाईशी बसल्या जागेवरून गप्पा मारायची. मधल्या सगळ्या घरांना त्या गप्पा फुकटात मिळायच्या. चार-पाच बायका सूप मांडीवर घेऊन तिच्याभोवती जमायच्या, कारण विड्या वळताना हात गुंतलेले असतात, कान मोकळे असतात, आणि अक्का काल बाजारात काय झालं हेसुद्धा असं सांगायची की प्रत्यक्ष बाजारात गेलेल्या बाईलाही ते नवीन वाटावं.

त्या काळी रशिया आमच्या पेठेत बऱ्यापैकी घरचा होता. तिकडून मराठीत छापून येणारं गुळगुळीत कागदाचं मासिक घरोघर असायचं. वाचणारे थोडे, पण पोरांच्या पुस्तकांना कव्हरं सगळे त्याचीच घालायचे. माझ्या भूगोलावर ट्रॅक्टर होता आणि गणितावर वारूबाई होती. खरं नाव वार्वारा, आडनाव असं की ते म्हणताना जिभेला गाठ पडावी. त्यामुळे आम्ही ते सोडूनच दिलं. कव्हराच्या आतल्या बाजूला तिची जीवनकथा होती, आणि गणिताच्या तासाला दुसरं करण्यासारखं काही नसल्यानं ती मला अपूर्णांकांच्या आधी पाठ झाली.

ती कापडगिरण्यांच्या गावात जन्मली. नदी, बर्फ आणि भोंगा. आई मागावर होती, ही पण पोरवयातच मिलमध्ये लागली. एकदा त्या मिलमध्ये सिनेमावाले शूटिंगला आले. त्यांनी आणलेल्या नटीला तुटलेला धागा काही सांधता येईना. दिवस वाया चालला, तेव्हा दिग्दर्शक म्हणाला, त्या कोपऱ्यातल्या पोरीचे हात घ्या. म्हणजे वारूबाईच्या पहिल्या सिनेमात वारूबाई नाहीच, नुसते तिचे हात आहेत! पुढच्या सिनेमात कुणीतरी कॅमेरा हातांवरून वर नेला, आणि रशियाला तिचा चेहरा दिसला. गोल चेहरा, जरासं बसकं नाक, भुवया जाड. ती नटीसारखी दिसतच नव्हती, कुणाच्या तरी नणंदेसारखी दिसत होती. मग तिला मोठी भूमिका मिळाली, पदक मिळालं, ती देशोदेशी जाऊन आली. मासिकात तिचा एक फोटो होता: छातीवर पदक, आणि हातात मागाचा धोटा. मी तो फोटो आईला दाखवला तर आई म्हणाली, “धोटा धरायची पद्धत बरोबर आहे बाईची.” आमच्या पेठेत याहून मोठं पदक नव्हतं.

आणि एके दिवशी कळलं, तिचाच सिनेमा येतोय!

संक्रांतीची गड्ड्याची जत्रा नुकतीच उठली होती. थंडी होती, हुरडा होता, अंगावर घरच्याच मागावरच्या चादरी होत्या. मिलच्या युनियननं कुठूनशी रिळं मिळवली आणि शाळेच्या मैदानात बांबू रोवून मांजरपाटाचा पडदा ताणला. मशीन चालवायला दस्तगीरभाई होते, एरवी जत्रेत तंबूतला सिनेमा दाखवायचे ते. सिनेमा रशियनमध्ये, म्हणून पुण्याहून एक सर बोलावले होते. ते पडद्याच्या कडेला कर्णा घेऊन उभे राहून अर्थ सांगणार होते.

दिवे गेले. मशीन फिरायला लागलं. वारूबाई पडद्यावर आली आणि मैदान असं गप्प झालं की मशीनची घरघर तेवढी ऐकू यावी. ती नवऱ्याला काहीतरी ओरडून म्हणत होती. सरांनी कर्णा तोंडाला लावला.

“येथे नायिका सामूहिक श्रमाचे महत्त्व विशद करीत आहे.”

पुढच्या रांगेतून अक्काचा आवाज आला, कर्ण्याशिवाय, पण कर्ण्याहून मोठा.

“इशद कुटलं! ती म्हन्ती, डबा इसरून चाललाय की हो मालक!”

आणि काय सांगू तुम्हाला, पुढच्याच क्षणाला वारूबाई डबा घेऊन बर्फातून नवऱ्यामागं पळाली! मैदान फुटलं. बायका एकमेकींच्या पाठीत बुक्के मारून हसत होत्या. त्यानंतर सरांनी बोलून पाहिलं, पण लोकांनी माना अक्काकडे वळवल्या होत्या. अर्ध्या तासात सर खाली बसून शेंगा खायला लागले आणि अक्का उभी राहून सांगायला लागली. कधी मराठीत, मधेच तेलुगूत, आणि दस्तगीरभाईंना ऐकू जावं म्हणून चार शब्द दखनीत. वारूबाईच्या नवऱ्याचं नाव त्या सिनेमात काहीतरी होतं म्हणे. आमच्यासाठी ते शेवटपर्यंत “वारूबाईचे मालक” राहिले, कारण आमच्याकडे कुठल्या शहाण्या बाईनं नवऱ्याचं नाव घेतलंय?

गोष्ट अशी. लढाई लागते. मालक लढाईवर जातात. वारूबाई स्वतःचे माग चालवते आणि मालकांचेही. मग एक दिवस पोस्टमन येतो, तार देतो. मालक गेले. मैदानात हुंदके. दस्तगीरभाई पुढचं रीळ चढवतात, आणि बघतो तर काय, बर्फात एक गाडी थांबते आणि मालक उतरतात! जिते-जागते! वारूबाई फाटकापर्यंत धावते, आणि मैदानातल्या यच्चयावत बायका उभ्या राहतात. तार खोटी होती! मग शेवटी वारूबाई मिलमध्ये मागाशी उभी आहे, धागा सांधते आहे आणि डोळ्यांतून पाणी वाहतंय.

“आनंदाचं पानी हाय हे!” अक्का ओरडली. “मालक आलेत घरला!”

टाळ्या किती वेळ चालल्या त्याचा हिशेब नाही. मी हुरड्यानं भरलेली मूठ तशीच घट्ट धरून बसले होते.

दुसऱ्या दिवशी संध्याकाळी पुन्हा खेळ होता. काल आलेल्या सगळ्या बाया आल्या, येताना बहिणींना, जावांना घेऊन आल्या. पण त्या दिवशी मालक आधीच गाडीतून उतरले, दोन दिवस राहिले, परत गेले, आणि मग तार आली. सिनेमा संपला. मैदानात दंगा सुरू झाला. दस्तगीरभाईंना बायकांनी गराडा घातला.

“काल आले हुते की मालक! आज कुटं घालिवले?”

“अरे बाई, सुनो तो,” दस्तगीरभाई हात जोडत होते. “कल डब्बों के झाकनां बदल गये थे. पीछे का रीळ आगे लग गया. आज सही लगाया मैं. वो रजे पे आता, वापस जाता, मरता. वैसाच है सिनेमा.”

म्हणजे खरा सिनेमा असा होता; परत जायचा प्रसंग तारेच्या रिळात होता, म्हणून आदल्या दिवशी आम्हाला ते लढाईला निघालेत असंच वाटलं होतं. आदल्या दिवशी चुकून मेलेला माणूस जिवंत झाला होता. पण बायका ऐकायला तयार नव्हत्या. चूक म्हणे कालची नव्हती, चूक आजची होती. सर मध्ये पडले. ही कलाकृतीची मोडतोड आहे, ते म्हणाले, ज्या लोकांनी लढाईत माणसं गमावली त्यांचा अपमान आहे. बोलणं खरंच होतं त्यांचं. पण अक्का पुढं झाली आणि म्हणाली, “सर, तुमचा सिनेमा तुमी पुण्याला दावा. आमाला मालक पायजेत.”

दस्तगीरभाईंनी एकदा सरांकडे पाहिलं, एकदा अक्काकडे. “हौ अक्का, हौ. लाता उनकू वापस.” तिथून पुढं त्यांनी ती दोन रिळं कायम उलटीच लावली.

तो हंगाम मी कसा विसरू? युनियनच्या ओळखीनं खेळ गावोगाव जायला लागला. कुंभारी तेव्हा नुसतं शेतांचं गाव होतं, तिथं झाला. मोडनिंबला बाजाराच्या दिवशी झाला. आणि अक्काशिवाय सिनेमा कुणालाच नको होता, म्हणून दस्तगीरभाईंच्या जीपमध्ये रिळांच्या डब्यांवर अक्का, तिच्या मांडीवर तिची लहान पोरगी, एकटीदुकटी बाई कशी पाठवायची म्हणून आई, आणि आईला सोडत नाही म्हणून मी! जीप हादरली की सगळेच डबे वाजायचे. आई उलटीच्या भीतीनं चिंच चोखत बसायची. अक्का वाऱ्यावर ओरडून वारूबाईची वाक्यं म्हणून बघायची. खेळागणिक ती वाढत होती. श्रीपूरला साखर कारखान्यावर गाळप जोरात होतं, उसाच्या गाड्यांच्या रांगा लागलेल्या, मळीचा वास हवेत. ऊसतोडीच्या बायका गाड्यांवर बसूनच सिनेमा बघत होत्या. खेळ झाल्यावर एक तरणी बाई कडेवर पोर घेऊन अक्काजवळ आली.

“बाई, त्यो खरंच जित्ता हाय न्हवं?”

“जित्ता हाय,” अक्का म्हणाली. “मी सोता बगितलाय की.”

तेव्हा मला हसू आलं होतं. मला कळत नव्हतं, आईला कळत होतं. अक्काचे मालक आदल्या वर्षी सुरतेला गेले होते. मिलमधून कमी केलं, तिकडे पॉवरलूमवर काम मिळतं असं कुणी सांगितलं, म्हणून गेले. आधी निरोप यायचे, मग यायचे बंद झाले. आई वडिलांना हळूच म्हणाली होती, अक्का अजून रात्री दाराला आतून कडी लावत नाही. सिनेमात ती गाडी बर्फात थांबायची जागा आली की अक्काचा आवाज बदलायचा. सांगणं बंद व्हायचं आणि ती थेट पडद्याशीच बोलायची, “आले, आले. दार उगडा गं कुनीतरी.” तेव्हा मी फक्त टाळ्या वाजवत होते.

ज्वारी पक्की झाली, हुरडा संपला, रिळं परत गेली. सर पुण्याला गेले. अक्का पुन्हा दारात बसून विड्या वळायला लागली. पुढं कधीतरी सुरतेहून आलेल्या एका माणसाकडून कळलं की तिच्या मालकांनी तिकडं दुसरा संसार थाटलाय. अक्कानं ऐकून घेतलं, त्याला चहा दिला आणि सूप पुढ्यात ओढलं. दस्तगीरभाई वारले, पडदे गेले, टीव्ही आले, मिलचा भोंगा कायमचा थांबला. रशियाचासुद्धा नकाशा बदलला. मासिक बंद पडलं आणि पुस्तकांना खाकी कव्हरं आली.

तर, अक्का म्हणाली, तू कायतरी कर. मी काय करणार? मी स्वप्नाला सांगितलं: सिनेमाचं नाव माहीत नाही, साल माहीत नाही, नटी वार्वारा, कापडाची मिल, लढाई, बर्फ. पोरगी दोन दिवस मोबाइलशी झटापट करत होती. तिसऱ्या दिवशी सकाळी मी भाकरी थापत असताना फोन वाजला. स्वप्नानं एक फोटो पाठवला होता. गोल चेहरा, बसकं नाक, जाड भुवया. मी पिठाच्या हातानंच फोनवर ओरडले. तव्यावरची भाकरी जळली. जळू दे, म्हटलं, कडक झाली तर अजून टिकेल!

सिनेमा होताच, वर तिची उरलेली जीवनकथाही होती. मासिकानं आम्हाला पदकापर्यंतच आणून सोडलं होतं. पुढं काय झालं तर वारूबाईचं वय झालं. तरुण नट्या आल्या. तिला आईच्या भूमिका मिळायला लागल्या, मग तिकीट तपासणाऱ्या बाईच्या, मग त्याही मिळेनात. आणि मग ती डबिंगच्या खोलीत गेली. तिकडं आपल्या हिंदी सिनेमांचं वेड होतं ना, त्या सिनेमांना रशियन आवाज द्यायला माणसं लागायची. आपल्या सिनेमातल्या आया, त्या पांढऱ्या साडीतल्या, देवघरात रडणाऱ्या, मुलाला शपथ घालणाऱ्या आया, त्यांच्या तोंडून रशियात कोण बोलायचं? वारूबाई! वर्षानुवर्षं! सुरुवात नुसत्या हातांनी केली आणि शेवट नुसत्या आवाजानं. मी हे वाचलं आणि स्वयंपाकघरात गोल गोल फिरायला लागले. सोलापुरात आमची अक्का तिच्यासाठी बोलत होती, आणि त्याच सुमारास कुठल्याशा थंडगार शहरात ती आमच्यासाठी बोलत होती. दोघींना एकमेकींचा पत्ता नाही. सांगा, अशी गोष्ट कुणी रचली असती तर तुम्ही विश्वास ठेवला असता का?

फोनवर शेवटी स्वप्ना म्हणाली, “सुधामावशी, आज्जीला लगेच दाखवू नका. आधी तुम्ही शेवट बघा.”

मी बघितला. दस्तगीरभाईंनी दुसऱ्या दिवशी लावला होता तसा. मालक येतात, जातात, आणि मग तार. स्वप्ना म्हणाली, मी दोन तुकडे उलटे जोडून देऊ शकते, पाच मिनिटांचं काम आहे. पन्नास वर्षांनी पुन्हा तेच! पण ते ठरवणारी मी कोण? म्हणून मी स्कूटर काढली आणि कुंभारीला निघाले, पर्सवर हात ठेवत.

अक्काला आधी डबिंगचं सांगितलं. ती ऐकता ऐकता कात्री खाली ठेवून सरळ बसली. गालफडं बसलेल्या चेहऱ्यावर असं तेज आलं की स्वप्नानं फोटोच काढला.

“म्हंजे ती पन माजंच काम करत हुती की!” तिनं मांडीवर थाप मारली. “बगा! आनि ते सर मला म्हनले मोडतोड! अय्यो, ती काय म्हनत असंल त्या आयांच्या तोंडून? डबा इसरला म्हनत असंल!” हसता हसता तिला खोकला लागला आणि पाणी द्यावं लागलं.

मग मी मोबाइल तिच्या हातात दिला आणि जे होतं ते सांगितलं. हा खरा आहे, अक्का, यात मालक शेवटी येत नाहीत. स्वप्ना उलटा करून देईल, तू म्हणशील तसा. आवाजाचा हा शेवटचा खेळ असला तर तो कसा सांगायचा ते तूच ठरव.

तिनं तेवढ्याशा पडद्यावर डोळे बारीक करून पूर्ण सिनेमा बघितला. गाडी थांबायच्या जागी काही बोलली नाही. संपल्यावर मोबाइल पदरानं पुसून मला परत दिला आणि स्वप्नाला म्हणाली, “चा टाक.” उलटा की सुलटा, ते ती संध्याकाळपर्यंत बोलली नाही. शेवटी स्वप्नानं दोन्ही तयार ठेवले आणि काल, खेळ सुरू व्हायच्या आधी, तिला विचारलं. अक्का म्हणाली, “हाय तसा लाव.”

कालचा खेळ वसाहतीच्या समाजमंदिरात झाला. प्रोजेक्टर स्वप्नाच्या कॉलेजातून आला, पडद्याला पांढरी भिंत. शाली, कानटोप्या, सुना, नाती, दोघीतिघी तर मांडीवर सूप घेऊन! जुन्या पेठेतल्या रत्नाबाई गुडघे धरत पुढच्या रांगेत येऊन बसल्या. अक्का प्लास्टिकच्या खुर्चीत, हातात माइक. आवाज घोगरा झालाय, मधेच फाटतो. पण वारूबाई भिंतीवर आली, नवऱ्यामागं ओरडली, आणि अक्काच्या आधी साऱ्या म्हाताऱ्याच एका सुरात ओरडल्या, “डबा इसरून चाललाय की हो मालक!” मी पुन्हा शाळेतली पोरगी झाले होते, हातात फक्त हुरडा नव्हता.

लढाई लागली. मालक गेले. मग तार यायच्या जागी गाडीच बर्फात थांबली. टाळ्या पडल्या, पण रत्नाबाई चुळबुळल्या.

“अक्का, एवड्यात कसे आले? तार कुटं हाय?”

“रजेवर आलेत गं,” अक्का म्हणाली. “परत जानार हायेत.”

मालक गेले. पोस्टमन आला. वारूबाईनं तार वाचली.

“हे उलटं झालं की अक्का!” रत्नाबाई जवळजवळ उठल्याच. “आदी तार, मग मालक!”

“तवा उलटं हुतं, रत्ना. हे सुलट हाय.” अक्का श्वास घ्यायला थांबली. भिंतीवर वारूबाई मागाशी उभी होती, डोळ्यांतून पाणी वाहत होतं. “ही दुःखानंच रडती बायांनो. तवा मी आनंदाचं म्हनले. मला तसंच म्हनायचं हुतं.”

सिनेमा संपला. भिंतीवर नुसता उजेड राहिला. स्वप्ना दिवे लावायला उठली तर अक्कानं हात वर केला.

“थांब. संपलं न्हाय.”

आणि त्या रिकाम्या भिंतीकडे बघत ती सांगायला लागली. अगदी त्याच सुरात, पडद्यावर चित्र हलत असल्यासारखं. “मग वारूबाई घरला आली. तवापास्नं ती दाराला कडी लावून झोपाय लागली. पोरगी ल्हान हुती. वारूबाईनं विड्या वळल्या.” कुणीतरी खुदकन हसलं आणि लगेच गप्प झालं. “पोरीचं लगीन केलं. भोंगा बंद झाला. हितं माळावर घर मिळालं, तवा हितं एक झाड नव्हतं, सावलीला भिंतीचा आडोसा घ्याचा. पोरगी गेली. नात वाडवली. नात आता सुई टोचाय शिकती, लई धीराची हाय.” स्वप्नानं तोंड ओढणीत लपवलं. “आता वारूबाईच्या गळ्यात गाठ आलीया. परवा डाक्टर कापनार हाय.”

आवाज तिथं फाटला. ती खोकली, पाणी प्याली.

“मग?” रत्नाबाईंनी विचारलं. “फुडं?”

“फुडं काय म्हाईत न्हाय मला. रीळ संपलं.”

“असं कसं संपलं!” रत्नाबाई गुडघे धरून खरंच उभ्या राहिल्या. “आवाज परत येतो म्हन की.”

“व्हय, म्हन!” मागून कुणी ओरडलं. मग सगळीकडूनच सुरू झालं, म्हाताऱ्या, सुना, पोरीसुद्धा. “आवाज येतो म्हन! त्याबिगर आमी हितनं हालनार न्हाय!”

अक्कानं माझ्याकडे बघितलं. मला तर समोरचं नीट दिसतही नव्हतं. तिनं पदरानं तोंड पुसलं, हसली, आणि माइक पुन्हा ओठांशी धरला.

“बरं,” ती म्हणाली. “बसा मग.”